बातांच्या वाटेने: बेलग्रेड ते याब्लानित्सा

सोमवार, बेलग्रेड

वेलिमिर झिवोयिनोविच हे नाव मराठी वाचकाच्या फारसे परिचयाचे नाही. पण जुन्या युगोस्लाव्हियात वाढलेल्या कोणापुढेही नुसते ‘बाता’ हे त्यांचे टोपणनाव घेतले, की पुढचे काही सांगावे लागत नाही. तीनशेहून अधिक चित्रपटांत काम केलेले हे सर्बियन अभिनेते एका देशाचा चेहरा होते, आणि तो देश मोडला तेव्हा त्या मोडण्याची कथाही पडद्यावर त्याच चेहऱ्याने सांगितली. व्हिएन्नात राहू लागल्यापासून माझे शेजारी आणि कचेरीतले सहकारी सर्बियाचे आणि बोस्नियाचे आहेत. एकमेकांच्या राजकारणाविषयी ते बोलायचे टाळतात. बातांच्या चित्रपटांतले संवाद मात्र एकमेकांना तोंडपाठ म्हणून दाखवतात. हे पाहूनच मी त्यांचे चित्रपट शोधून बघू लागले, आणि ते ज्या गावांत, ज्या नद्यांवर घडले ती ठिकाणे प्रत्यक्ष पाहण्यासाठी रात्रीच्या बसने बेलग्रेडला आले.

सकाळी प्रथम नोवो ग्रोब्ल्ये या जुन्या दफनभूमीत गेले. येथे मान्यवर नागरिकांसाठी एक वेगळी रांग राखलेली आहे, आणि २२ मे २०१६ रोजी वयाच्या ८२व्या वर्षी बाता गेले तेव्हा त्यांनाही येथेच जागा मिळाली. आसपास लेखक, शास्त्रज्ञ, खेळाडू, नट असे सगळेच आहेत. मी गेले तेव्हा एक आजोबा नातवाला हाताशी धरून नावे वाचून दाखवत होते आणि प्रत्येक नटापुढे थांबून त्याच्या एखाद्या भूमिकेचे नाव सांगत होते. बातांच्या जागी येऊन त्यांनी केवळ ‘वाल्टर’ एवढेच म्हटले. दुसऱ्या महायुद्धावरच्या एका चित्रपटातला हा त्यांचा नायक. त्या एका भूमिकेने त्यांच्या बाकीच्या कामावर केवढी सावली टाकली आहे, हे मला तेथेच नीट कळले.

संध्याकाळ युगोस्लाव्ह चित्रपट संग्रहालयात, म्हणजे ‘किनोतेका’मध्ये घालवली. १९४९ साली स्थापन झालेली ही संस्था जगातल्या मोठ्या चित्रपट संग्रहांपैकी एक मानली जाते, आणि देशाचे नाव नकाशावरून गेले तरी संस्थेने आपल्या नावात ते जपून ठेवले आहे. तेथे ‘स्कुप्ल्याची पेर्या’ (पिसे गोळा करणारे) हा आलेक्सांदार पेत्रोविच यांचा १९६७ सालचा चित्रपट मोठ्या पडद्यावर पाहिला. उत्तर सर्बियातल्या वॉयव्होदिनाच्या चिखलट सपाट प्रदेशात हंसांच्या पिसांचा व्यापार करणाऱ्या रोमा (जिप्सी) लोकांची ही कथा आहे आणि तिचे बरेचसे संवाद रोमानी भाषेत आहेत. कान महोत्सवात त्याला ज्युरींचे विशेष पारितोषिक मिळाले, ऑस्करसाठी नामांकनही मिळाले. नायक बेकिम फेहमिऊ आहे; बातांकडे मिर्ता ही भूमिका आहे, सावत्र मुलीवर डोळा ठेवणारा, व्यवहारात पक्का आणि मनाने मळलेला माणूस. शेवटी दोघे पिसांनी भरलेल्या खोलीत चाकू काढतात. त्या पांढऱ्या ढिगात दोन देह बुडत जातात, आवाज दबत जातो, आणि पिसे तेवढी खालून हलत राहतात. या प्रसंगापर्यंत बाता मिर्ताला कोठेही खलनायकाच्या नेहमीच्या थाटात साकारत नाहीत. तो एखाद्या सवयीच्या माणसासारखा बसतो, खातो, सौदा करतो, आणि त्यामुळेच त्याची भीती वाटते. माझ्या मते त्यांच्या अभिनयाचे खरे माप घ्यायचे तर ते या भूमिकेवर घ्यावे, वाल्टरवर नव्हे.

मंगळवार, कोराचित्सा

बेलग्रेडच्या दक्षिणेला म्लादेनोवात्स गाठून तेथून कोस्माय डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या कोराचित्सा गावात गेले. ५ जून १९३३ रोजी बातांचा जन्म येथे झाला. कोस्मायची उंची जेमतेम ६२६ मीटर, म्हणजे सह्याद्री पाहिलेल्या डोळ्यांना ती टेकडीच. पण भोवतीचा प्रदेश इतका सौम्य आहे, की तेवढ्या उंचीवरूनही फार लांबवर दिसते. उतारावर आलुबुखाराच्या बागा, मधे मधे मक्याची शेते आणि लाल कौलांची घरे. गावात पाहण्यासारखे स्मारक वगैरे मी शोधत नव्हते. ज्याने पुढे आयुष्यभर शेतकरी, सैनिक, ट्रकचालक, पोलीस आणि गुन्हेगार रंगवले, त्याच्या चालण्याबोलण्यातला जडपणा कोठून आला असेल, एवढेच पाहायचे होते, आणि ते दुकानासमोर बाकावर बसलेल्या माणसांकडे पाहताना थोडेफार उलगडले. ही माणसे बोलताना हातवारे करत नाहीत. उत्तर देण्यापूर्वी समोरच्याकडे पुरते बघून घेतात. पडद्यावर बाता नेमके हेच करतात.

डोंगरमाथ्यावर कोस्माय तुकडीच्या पार्टिझन सैनिकांचे, म्हणजे दुसऱ्या महायुद्धात जर्मनांविरुद्ध लढलेल्या साम्यवादी गनिमांचे, स्मारक आहे. काँक्रीटची अजस्र पाती एकमेकांकडे झुकलेली आहेत आणि मधे मोकळी जागा आहे. ते १९७०-७१च्या सुमारास उभे राहिले. त्याच्या सावलीत बसून मी मनाशी सन मांडून पाहिले. जर्मन विमानांनी ६ एप्रिल १९४१ रोजी बेलग्रेडवर बॉम्बफेक केली तेव्हा बाता आठ वर्षांचेही नव्हते, आणि ऑक्टोबर १९४४ मध्ये शहर मुक्त झाले तेव्हा अकरा वर्षांचे होते. ज्या युद्धाचा चेहरा म्हणून ते ओळखले गेले त्यात त्यांनी बंदूक धरलेली नव्हती. ती पिढी त्यांच्या वडीलधाऱ्यांची होती. युद्धानंतर वाढलेल्या मुलांना आपले वडील आणि काका कसे लढले असतील हे पाहायचे होते, आणि ते दाखवण्याचे काम या मुलाच्या वाट्याला आले.

तो मुलगा बेलग्रेडमध्ये वाढला, नाटकांच्या मागच्या बाजूला सामान हलवण्यापासून त्याने सुरुवात केली, आणि १९५५ साली ‘पेस्मा सा कुंबारे’ या चित्रपटातून तो पडद्यावर आला. त्यानंतर वर्षाकाठी अनेक चित्रपट असा वेग सुरू झाला. बेलग्रेडजवळच्या कोशुत्न्याक भागात युद्धानंतर लगेचच अव्हाला फिल्म या कंपनीने भव्य स्टुडिओ उभारला होता. मार्शल टिटो स्वतः चित्रपटांचे इतके शौकीन होते, की त्यांच्या खासगी प्रक्षेपकाने ठेवलेल्या नोंदींनुसार १९४९ पासून पुढे त्यांनी ८८०१ चित्रपट पाहिले. ज्या देशाचा प्रमुख रोज रात्री चित्रपट पाहतो, तेथे सैन्य, रणगाडे आणि पूल चित्रीकरणासाठी सहज मिळत असत. बातांची कारकीर्द त्या व्यवस्थेत घडली हे खरे आहे, पण केवळ व्यवस्थेमुळे घडली असे मी म्हणणार नाही. तीच संधी मिळालेल्या अनेक नटांची नावे आज कोणाच्या ओठांवर नाहीत.

बुधवार, विशेग्राद

पश्चिमेकडे जाणाऱ्या बसने सीमा ओलांडून बोस्नियात द्रिना नदीकाठच्या विशेग्रादला आले. सोळाव्या शतकातला मेहमेद पाशा सोकोलोविचचा अकरा कमानींचा पूल येथे आहे, आणि बहुतेक प्रवासी त्याच्यासाठीच थांबतात. मी त्यावरून एकदा पलीकडे जाऊन आले. १९९२ साली याच पुलावर बोस्नियाक, म्हणजे बोस्नियातल्या मुस्लिम, नागरिकांना मारून नदीत टाकले गेले, हे ठाऊक असताना तेथे रेंगाळावेसे वाटले नाही.

माझे येथे येण्याचे कारण वेगळे होते. स्रजान द्रागोयेविच यांचा ‘लेपा सेला लेपो गोरे’ (सुंदर गावे सुंदर जळतात) हा १९९६ सालचा चित्रपट या परिसरात चित्रित झाला. युद्ध संपता संपता, जळलेली घरे अजून उभी असताना कॅमेरा येथे पोहोचला होता. बोस्नियातल्या युद्धात सर्ब सैनिकांची एक तुकडी रेल्वेच्या जुन्या बोगद्यात अडकते. त्या बोगद्याचे मोठ्या समारंभाने उद्घाटन झाले तेव्हा त्याला ‘बंधुता आणि एकता’ हे, म्हणजे टिटोंच्या युगोस्लाव्हियाच्या घोषणेचे, नाव दिले गेले होते, आणि मग तो तसाच पडून राहिला. या तुकडीत ग्वोझदेन नावाचा जुना लष्करी अधिकारी आहे, आणि तो बाता आहेत.

ही भूमिका समजायला त्यांचे आधीचे तीस वर्षांचे काम माहीत असावे लागते. ग्वोझदेन अजून टिटोंवर आणि जुन्या सैन्यावर श्रद्धा ठेवून आहे. टिटोंच्या अंत्ययात्रेसाठी आपण पायी चालत बेलग्रेडला गेलो होतो, हे तो अभिमानाने सांगतो. भोवतीची तरुण पोरे त्याच्याकडे कधी थट्टेने, कधी कीव करत बघतात. चित्रगृहात बसलेल्या प्रत्येकाने या माणसाला पूल उडवताना, शहर वाचवताना, जखमींना नदीपार नेताना पाहिलेले असते, आणि आता तोच माणूस आपल्याच देशाच्या एका बोगद्यात आपल्याच शेजाऱ्यांच्या गोळ्यांपासून लपून बसलेला असतो. बाता यासाठी वेगळे काही करत नाहीत. तोच खालच्या पट्टीतला आवाज, तीच संथ मान वळवण्याची ढब. फक्त डोळ्यांत खात्रीऐवजी हट्ट आहे. शेवटी तो ट्रक घेऊन एकटाच बोगद्याबाहेर निघतो आणि मरतो. दिग्दर्शकाने दुसरा कोणताही नट घेतला असता तर तो एका म्हाताऱ्या सैनिकाचा मृत्यू ठरला असता. बातांमुळे तो एका संपूर्ण चित्रपरंपरेचा मृत्यू झाला.

या चित्रपटावर एकतर्फीपणाचे आक्षेप घेतले गेले, आणि विशेग्रादमध्ये उभे राहून ते आक्षेप मला अधिक पटले, कारण बोगद्याबाहेरची माणसे त्यात बहुधा आवाजांपुरतीच उरतात. तरीही ग्वोझदेन ही भूमिका मी त्यांच्या सर्वोत्तम दोन-तीन कामांत धरते.

गुरुवार, सारायेवो

बस डोंगरातून खाली उतरू लागते आणि मिल्यात्स्का नदीच्या दोन्ही काठांनी पसरलेले शहर एकाएकी दिसते. हायरुदिन क्र्वावात्स यांच्या ‘वाल्टर ब्रानी सारायेवो’ (वाल्टर सारायेवोचे रक्षण करतो) या १९७२ सालच्या चित्रपटाचा शेवट अशाच एका उंचावरून होतो. वाल्टर नावाच्या अदृश्य पार्टिझन नेत्याला पकडण्यात अपयशी ठरलेला जर्मन अधिकारी शहराकडे हात करून म्हणतो, की हे शहर दिसते ना, हेच वाल्टर आहे. हे वाक्य आज सारायेवोत टी-शर्टांवर छापलेले मिळते.

खरा वाल्टर होता व्लादिमिर पेरिच. १९१९ साली प्रियेपोल्ये येथे जन्मलेल्या या तरुणाने व्यापलेल्या शहरात भूमिगत संघटना चालवली, आणि सारायेवो मुक्त झाले त्याच वेळी, एप्रिल १९४५ मध्ये, वीजकेंद्र वाचवण्यासाठी लढताना तो पडला. चित्रपटाची कथा मात्र बहुतांशी रचलेली आहे: बाल्कनमधून माघार घेणाऱ्या जर्मन रणगाड्यांसाठीचे इंधन, खोटा वाल्टर, फितुरी आणि शेवटी आगगाडीवरची झुंज. पेरिचच्या चरित्रातून घेतले ते धैर्य आणि नाव.

दुपारी बाश्चार्शिया या जुन्या बाजारात गेले. कझांजिलुक ही तांबटांची गल्ली अजून चालू आहे. कॉफीची भांडी, तबके, सुरया घडवताना हातोडीचा ठोका गल्लीच्या एका टोकाकडून दुसऱ्या टोकाकडे जातो. चित्रपटात पाठलाग येथे येतो तेव्हा तांबट सगळे मिळून ठोकायला लागतात, आणि त्या गदारोळात क्रांतिकारकांच्या हालचाली बुडून जातात. एका तांबटाकडे मी थोडा वेळ उभी राहिले. पत्रा डाव्या हाताने सतत फिरता ठेवून तो उजव्या हाताने एका लयीत ठोके घालत होता, आणि प्रत्येक ठोका आधीच्या ठोक्याला किंचित चाटून पडत होता, त्यामुळे पृष्ठभागावर खवल्यांसारखी नक्षी उमटत होती. चित्रपटाचे नाव काढताच त्याने काम न थांबवता हातोडीची लय एकदम दुप्पट केली, आणि गल्लीतल्या आणखी दोन दुकानांतून तशीच साथ आली. त्यांना हे रोजच करावे लागत असणार, पण त्यात कंटाळा नव्हता.

तेथून काही पावलांवर गाझी हुसरेव बेग मशीद आणि तिच्याजवळचा घड्याळाचा मनोरा आहे. घड्याळजी सेआद कापेतानोविच, म्हणजे राडे मार्कोविच यांनी साकारलेली भूमिका, याच परिसरात मरण पत्करते. त्याच्या मुलीचा मृतदेह इतर तरुणांच्या देहांबरोबर मांडून ठेवून जर्मन सैन्य नातेवाइकांना पुढे यायला सांगते, म्हणजे त्यांनाही टिपता येईल. बाप पुढे होतो. आणि मग सगळा जमाव त्याच्याबरोबर पाऊल टाकतो. या प्रसंगात बातांना जवळजवळ संवाद नाही. ते गर्दीतले एक होतात, आणि नायकाने असे गर्दीत मिसळून जाणे हे या चित्रपटाचे सर्वांत मोठे बळ आहे.

शुक्रवार, सारायेवो

सकाळी ‘वाल्टर’चे संग्रहालय पाहिले. जुन्या अपोलो चित्रगृहाच्या इमारतीत ते २०१९ साली सुरू झाले. माझ्याबरोबर आत शिरलेला मोठा गट चिनी पर्यटकांचा होता. सत्तरच्या दशकात चीनमध्ये परदेशी चित्रपट अत्यंत थोडे दाखवले जात, आणि त्या थोड्यांत ‘वाल्टर’ होता. तो तेथे कोट्यवधी लोकांनी पाहिला, पुन्हा पुन्हा पाहिला, आणि बातांचे चित्र असलेली ‘वाल्टर’ नावाची बिअरही निघाली. गटातल्या एका वयस्क बाईंनी भिंतीवरच्या छायाचित्राशेजारी उभे राहून मला फोटो काढायला सांगितला आणि एकही सामाईक भाषा नसताना तो जर्मन अधिकाऱ्याचा शेवटचा संवाद चिनीत म्हणून दाखवला. बातांनी हॉलीवूडमध्ये नाव कमावले नाही, पण प्रेक्षकसंख्येचा हिशेब मांडला तर युरोपातल्या फार थोड्या नटांना एवढा प्रेक्षक मिळाला असेल.

दुपारनंतर मात्र मन जड झाले. एप्रिल १९९२ पासून फेब्रुवारी १९९६ पर्यंत या शहराला वेढा होता, १४२५ दिवस, आणि भोवतीच्या डोंगरांवरून बोस्नियातल्या सर्ब सैन्याच्या तोफा सुरू होत्या. ‘वाल्टर’चे दिग्दर्शक क्र्वावात्स शहर सोडून गेले नाहीत, जुलै १९९२ मध्ये वेढ्यातच त्यांचे निधन झाले. आणि बाता? ते त्या काळात बेलग्रेडमध्ये सर्बियाचे तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष स्लोबोदान मिलोशेविच यांच्या समाजवादी पक्षाचे होते, त्या पक्षाकडून संसदेत बसत होते. २००२ साली ते सर्बियाच्या राष्ट्राध्यक्षपदासाठी पक्षाचे उमेदवार झाले, तर युद्धगुन्ह्यांच्या खटल्यासाठी हेगच्या तुरुंगात असलेल्या मिलोशेविच यांनी दुसऱ्याच उमेदवाराला पाठिंबा दिला, आणि बातांना सुमारे ३ टक्के मते मिळाली. ज्याच्या ‘वाल्टर’वर देशाने जीव टाकला त्याला मतपेटीत एवढेच मिळावे, यात प्रेक्षकांचा शहाणपणा आहे असे मला वाटते, त्यांनी भूमिका आणि माणूस यांत गल्लत केली नाही.

ज्या कॉफीघरात बसून मी हे टिपण करत होते, तेथल्या मालकीणबाई वेढ्याच्या वेळी शाळकरी मुलगी होत्या. तळघरात जनरेटरवर ‘वाल्टर’ची कॅसेट लावली जाई, असे त्यांनी सांगितले. बातांचा राग येतो का, असे विचारल्यावर त्या म्हणाल्या, की राग आला होता, पुष्कळ वर्षे होता. पण वाल्टर आमचा आहे, तो आम्ही परत देणार नाही. मला हे उत्तर पूर्ण पटले. मी बातांच्या अभिनयावर प्रेम करते, आणि त्या वर्षांत ते ज्या बाजूला बसले त्याचे समर्थन मी करू शकत नाही. या दोन्ही गोष्टी लिहिल्याशिवाय त्यांच्याविषयीचे लेखन प्रामाणिक होणार नाही.

शनिवार, याब्लानित्सा

मोस्तारकडे जाणारी सकाळची आगगाडी पकडली. इव्हान खिंडीचा बोगदा पार झाला, की लोहमार्ग वळसे घेत कोन्यित्सपर्यंत उतरतो आणि मग नेरेत्वा नदी सोबतीला येते. पाण्याचा रंग पाचूसारखा हिरवा आहे. याब्लानित्सात नदीच्या पात्रात लोखंडी पूल अर्धा कोसळून लटकलेला दिसतो, आणि त्याच्याशेजारी १९७८ साली उघडलेले युद्धसंग्रहालय आहे.

मार्च १९४३ मध्ये पार्टिझन सैन्य येथे अडकले होते आणि त्यांच्याबरोबर सुमारे ४००० जखमी आणि आजारी होते. पार्टिझनांचे नेते टिटो यांनी आधी पूल उडवायला लावला, म्हणजे आपण नदी ओलांडणार नाही असा शत्रूचा समज व्हावा. आणि मग त्याच अवशेषांवर लाकडी वाट रचून रात्रीतून माणसे पलीकडे नेली. व्हेल्यको बुलायिच यांनी १९६९ साली यावर ‘बित्का ना नेरेत्वी’ (नेरेत्वाची लढाई) काढला. यूल ब्रिनर, ऑर्सन वेल्स, सेर्गेई बोंदार्चुक, फ्रँको नेरो अशी नटमंडळी आणि एका पोस्टरसाठी पिकासो. चित्रीकरणासाठी पूल खरोखर उडवला गेला, पण धुराचा लोट इतका उठला की कॅमेऱ्यांना काही दिसलेच नाही, आणि पडद्यावर दिसणारा स्फोट शेवटी प्राग येथे छोट्या प्रतिकृतीवर घ्यावा लागला.

या तारकांच्या मेळ्यात बाता स्तोले ही भूमिका करतात, आणि स्प्लित शहरातले क्रोएशियन नट बोरिस द्वोर्निक स्तिपे ही. त्याच वर्षी आलेल्या क्र्वावात्स यांच्या ‘मोस्त’ (पूल) मध्येही दोघे होते. पडद्यावरची ही जोडी बाहेरही जिवलग होती. १९९१ मध्ये क्रोएशियात युद्ध पेटले तेव्हा द्वोर्निक यांनी बातांना उद्देशून उघड पत्र लिहिले आणि मैत्री संपली. देशभरातल्या प्रेक्षकांना त्या पत्राने जेवढा धक्का बसला, तेवढा कित्येक राजकीय घोषणांनी बसला नसावा, कारण ‘बंधुता आणि एकता’ ही घोषणा त्यांनी भाषणांतून कमी आणि या दोघांना एकत्र पाहूनच अधिक खरी मानली होती. पुढे २००६ साली दोघे पुन्हा एकमेकांशी बोलले, सर्वांसमक्ष बोलले. २००८ मध्ये द्वोर्निक गेले.

दुपारी संग्रहालयातून बाहेर पडून, पाणचक्कीवर फिरणाऱ्या सळईवर भाजलेल्या कोकराच्या मांसासाठी प्रसिद्ध असलेल्या खानावळींपैकी एकीत बसले आणि व्हिएन्नातल्या आमच्या मराठी मित्रमंडळाच्या चित्रपटसंध्येसाठी कार्यक्रम आखला. सुरुवात ‘वाल्टर’पासून करायची नाही, असे ठरवले. आधी पेत्रोविच यांचा १९६५ सालचा ‘त्री’ (तीन) दाखवायचा. त्यात एकच माणूस, मिलोश, युद्धाच्या तीन टप्प्यांवर मृत्यू पाहतो: आधी स्थानकावरच्या गर्दीच्या संशयावरून एका निरपराध प्रवाशाला मारले जाते ते, मग स्वतः शिकार होऊन पळताना, आणि शेवटी विजयी अधिकारी म्हणून खिडकीतून एका तरुणीकडे पाहताना, जिला गोळ्या घातल्या जाणार आहेत आणि जिला वाचवण्यासाठी तो काही करत नाही. त्या खिडकीशी बातांना बोलायला काहीच दिलेले नाही. त्यानंतर ‘स्कुप्ल्याची पेर्या’, मग ‘वाल्टर’, आणि शेवटी ‘लेपा सेला लेपो गोरे’. बोस्नियाच्या आणि सर्बियाच्या शेजाऱ्यांनाही बोलवायचे आहे. शेवटच्या चित्रपटानंतर वाद होतील हे गृहीत धरून त्या संध्याकाळी सभागृह तासभर जास्त मागून घेतले आहे.